भट्टीमहाराजांचे कांदे

चिनी मातीच्या कपबश्या भाजण्यात उभा जन्म घालवलेल्या या गृहस्थाला अख्खी गल्ली भट्टीमहाराज म्हणते. अर्थात पाठीमागे, तोंडावर सगळे काका-काकाच करतात. कारखान्यात त्यांच्या शब्दाबाहेर जाळसुद्धा जात नसे. घरात मात्र साखरेचा डबा कुठला, हेही बायकोला विचारायचं.

त्या बायकोचं मनगट मोडलं, प्लास्टर चढलं आणि लेक तिला न्यायला येऊन थडकली.

"हात बरा होईपर्यंत आई माझ्याकडे. इथे तिला कोण करून घालणार?"

"मी," महाराज म्हणाले.

लेक फस्सकन हसली. "बाबा, तुम्ही?"

"आज जेवून बघ. घशाखाली उतरलं नाही, तर खुशाल ने तिला."

बोलून तर बसले! बायकोशिवाय ते घर त्यांना खायला उठलं असतं, पण हे कबूल कोण करणार? कांदे चिरताना डोळ्यांना धारा लागल्या.

"एवढ्यात रडताय? अजून गेले कुठेय मी?" दारातून बायको.

लोण्यावर परतलेल्या कांद्याचे काचेच्या भांड्यात थर लागले. वर अंडं फेटलेलं दूध, साय, किसलेलं चीज, पावाचा चुरा. भांडं ओव्हनमध्ये गेलं आणि महाराज स्टूल टाकून समोर ठाण मांडून बसले. वरचा थर सोनेरी झाला, ओव्हन बंद केला. पण दार काही उघडेनात.

"बाबा, भूक लागलीय!"

"भट्टी निवल्याशिवाय दार उघडायचं नसतं. वारा लागला की माल तडकतो."

"अहो, आत कपबश्या नाहीत, कांदे आहेत!"

"ते भट्टीला काय माहीत?"

लेक वैतागून आईचे कपडे भरायला गेली.

अखेर एकदाचं दार उघडलं. निवत्या उबेत दूध असं आळून घट्ट झालं होतं, की सुरी फिरवताच चौकोनी तुकडा अख्खा उचलला गेला. लेकीने लगेच दुसरा घास घेतला. बायकोने डाव्या हाताने चमचा तोंडात घातला. महाराज स्टुलावरून पुढे झुकले.

"मीठ कमी आहे," ती म्हणाली आणि ताटली पुढे केली. "वाढा. तो कडेचा खरपूस द्या." मग लेकीकडे वळून, "मी इथेच बरी. तू येत जा गं जेवायला. फक्त घरून निघताना काहीतरी खाऊन निघ."

 महाराज भांडी घासायला उभे राहिले, तेव्हा छाती इतकी पुढे आली होती की हात नळापर्यंत पोचेना.