पडद्यावर मी काय बोलले

मुंबईहून एक तरुण कॅमेरा घेऊन आमच्या थळला आला, तेव्हा मी वीस-एकविसाची असेन. सिनेमे अजून मुकेच होते. त्याच्यामागे कंपनीबिंपनी नव्हती. गोष्ट त्याचीच, कॅमेऱ्याचा दांडा फिरवणाराही तोच. नायिका होती, पण लाँचमध्ये तिला इतकं मळमळलं की रेवसला उतरली ती त्याच लाँचनं परत गेली.

दोन दिवस तो किनाऱ्यावर तोंड पाडून बसला. तिसऱ्या दिवशी मला म्हणाला, "बाई, दर्याकडे बघून जरा रडाल का? नवरा बुडालाय असं समजा."

"माझा नवरा तिकडं जाळं सांधतोय," मी म्हटलं. "मला रडू येयाचा न्हाय."

त्यानं पुष्कळ समजावलं. पण डोळ्यांना पदर लावला की मला हसूच फुटे. शेवटी तो म्हणाला, "राहू दे. तुम्ही तुमचं काम करा, मी नुसतं टिपतो."

मी कामाला लागले, तर त्याच्या कॅमेऱ्याखालच्या तिकाटण्याचा एक पाय वाळत घातलेल्या माझ्या जवळ्यात, त्या बारीक कोळंबीत, रुतलेला. मी हात नाचवत त्याच्यावर चालून गेले. तो दांडा फिरवतच राहिला.

काही महिन्यांनी अलिबागेत तंबूत तो सिनेमा लागला. नवरा, सासूबाई आणि मी चालत गेलो. पडद्यावरची अक्षरं वाचून दाखवायला तंबूवाल्यानं एक मास्तर ठेवले होते. मी पडद्यावर आले. नाकातली नथ केवढी मोठी दिसत होती. मी हात नाचवले, अक्षरं उमटली आणि मास्तरांनी गळा काढून वाचलं, "हे सागरा, माझे प्राणनाथ मला परत दे."

शेजारी बसलेल्या नवऱ्यानं हळूच विचारलं, "मी मेलो व्हय?"

मला राहवेना. उभी राहून म्हटलं, "मास्तर, खोटं हाय. मी म्हटलं होतं, मेल्या, तुझं तिकाटणं काढ माझ्या जवळ्यातून. पावसाळ्याची बेगमी तुडवलीस."

तंबू हसून लोटपोट झाला. तो तरुण मागेच उभा होता. आता हा चिडणार असं वाटून मी पदर सावरत खाली बसले. खेळ संपल्यावर तो आला आणि म्हणाला, "उद्या याल? हेच बोलायला?"

सासूबाईंनी परवानगी दिली, पण स्वतः पुढच्या रांगेत बसण्याच्या अटीवर. आठ दिवस मी पडद्याशेजारी उभी राहून माझंच बोलणं बोलले. रोज एखादी शिवी वाढायची. बुडालेला नवरा त्या तरुणानं तिसऱ्याच दिवशी सिनेमातून कापून टाकला.

पुढे बोलपट आले आणि आमच्या सिनेमाला कोणी विचारेना. त्यानं दादरला फोटोचं दुकान काढलं. एकदा बायकोला घेऊन आमच्याकडे जेवायला आला, तेव्हा बोलपट कसे वाटतात म्हणून विचारत होता.

मी एकच पाहिला होता. त्यात एक कोळीण होती, छान गायची. पण तिच्या डोक्यावरची टोपली रिकामी होती, हे तिच्या मानेकडे बघूनच कळत होतं.