परक्या जबड्याची कवटी

छिन्नीमामांनी उभ्या आयुष्यात भांडणं फार केली नाहीत. पण जे एक केलं, ते असं केलं की संग्रहालयाच्या भिंतींनी कानांवर हात ठेवावेत. बरं, भांडण कशावरून? जमीन नाही, जुमला नाही, बांध नाही, वाटा नाही. एका शब्दावरून. तोही असा शब्द, की म्हणताना साध्या माणसाची कवळी निसटून हातात यावी. लॅबिरिन्थोडॉन्ट!

मामा मात्र हा शब्द शेंगदाणा फोडावा तितक्या सहज म्हणत. शाळा त्यांची सातवीपर्यंतची. संग्रहालयात लागले ते खोकी उचलायला. तेव्हाचे थोरले साहेब हाडांचे मोठे जाणकार. त्यांनी या नव्या हमालाची लांबसडक बोटं पाहिली आणि हातात छिन्नी दिली. काम असं, की खाणीतून दगडाची ढेकळं यायची, त्यांत कोट्यवधी वर्षांपूर्वीच्या जनावरांची हाडं अडकलेली असायची. दगड तेवढा काढायचा, हाड तेवढं ठेवायचं. मोठा दगड छिन्नीने, बारीक सुईने, आणि त्याहून बारीक तो श्वास रोखून.

एक दिवस साहेबांनी मामांना भिंगाखाली एक कापलेला दात दाखवला. काकडीची चकती असावी तसा आडवा काप. साहेब म्हणाले, "काय दिसतं?"

मामा म्हणाले, "साहेब, शेतातल्या पाटांसारखं काहीतरी आहे. आत शिरलेली वाट बाहेर यायलाच तयार नाही."

साहेब खूश झाले. "अगदी बरोबर. लॅबिरिन्थ म्हणजे भुलभुलैया, ओडॉन्ट म्हणजे दात. दाताच्या भिंतीला अशा घड्याच घड्या. डायनासोरांच्याही आधी चिखलात लोळणारे, बेडकाचे खापरपणजोबा म्हण हवं तर, मगरीएवढाले. त्यांचे दात असे. म्हणून त्या जनावरांचं नाव लॅबिरिन्थोडॉन्ट."

झालं! मामांच्या डोक्यात तो शब्द छिन्नीने कोरला गेला. पुढे त्यांनी अकरा वर्षं खपून अशाच एका जनावराची कवटी दगडातून सोडवली. परातीएवढी चपटी, डोळे वर आढ्याकडे लागलेले. खालचा जबडा मात्र नव्हता. तो तीन वर्षांनी दुसऱ्या ढेकळात सापडला, त्याच खाणीतला. बिजागरीशी दोन बोटं कमी पडत होता. पण त्याचा एक दात तुटलेला होता आणि तुटक्या तोंडात भुलभुलैया स्वच्छ दिसत होता. "हा आपलाच!" म्हणून मामांनी लाख लावून जबडा जोडला आणि दोन बोटांची फट प्लास्टरने बुजवली. कवटी मोठ्या दालनात मधोमध बसली. खाली मामांच्याच अक्षरात नाव. घरी बायको तिला 'माझी सवत' म्हणायची. पाहुण्यांना सांगायची, "यांनी माझ्या तोंडाकडे इतकं निरखून कधी पाहिलं नाही हो!"

थोरले साहेब गेले, वर्षं गेली, मामांच्या निवृत्तीला तीन महिने उरले, आणि विभागावर नव्या बाई आल्या.

बाई शिकलेल्या, हुशार, आणि जिभेला कानस लावलेल्या. पहिल्याच दिवशी तळघरात उतरल्या, कप्प्यांवरच्या पाट्या वाचल्या आणि म्हणाल्या, "हा शब्द इथे अजून काय करतोय?"

"राहतोय," मामा म्हणाले. "माझ्याइतकीच वर्षं."

"मग दोघांचीही मुदत संपली. हे कुळाचं नाव म्हणून आता कोणी वापरत नाही. नुसत्या दातावरून भलतीसलती जनावरं एका गोठ्यात बांधली होती जुन्या लोकांनी. सगळ्या पाट्या काढा."

"कोण काढणार?"

"ज्यांनी लावल्या ते."

दोनशे चौदा कप्पे. मामांनी कोमट पाण्याचा बोळा लावून एकेक पाटी सोडवली. काढताना प्रत्येक पाटीगणिक बाईंचा उद्धार केला, पण एकीचाही कोपरा फाटू दिला नाही. त्या दिवसापासून मामांनी बाईंवर दात धरला तो धरलाच. बाईंनी त्यांचं टेबल खिडकीपासून हलवलं; मामांनी कप्प्यांच्या चाव्यांचा जुडगा उलटा ओवून ठेवला. बाईंनी लेखी ताकीद दिली. मामांनी त्याच कागदाच्या पाठीवर 'वाचले' असं लिहून ती परत पाठवली. दालनाचा रखवालदार दोन्हीकडची खबर दोन्हीकडे तिखटमीठ लावून पोचवायचा.

"मामा, बाई म्हणत होत्या, तळघरातलं सगळ्यात जुनं जीवाश्म तुम्हीच."

"त्यांना सांग, जीवाश्म व्हायला आधी हाडं असावी लागतात. त्यांच्यात नुसती जीभ आहे."

इथवर ठीक होतं. पण महिनाभराने बाईंची नजर कवटीकडे गेली. काच उघडून त्या दोन तास वाकून पाहत राहिल्या. मग सरळ होऊन म्हणाल्या, "हा जबडा हिचा नाही. हा माशाचा वाटतो."

मामांच्या अंगाची लाही लाही झाली. "मासा? दात बघितलात? भुलभुलैया आहे त्याला!"

"तेच तर सांगतेय चार आठवडे! तसे दात त्या काळच्या काही मोठ्या माशांनाही होते. मांसल परांचे मासे, या जनावरांचे दूरचे चुलते. भुलभुलैया ही दाताची घडण आहे, घराण्याचा शिक्का नाही. तुम्ही शिक्का समजून जोडलंत."

"पुरावा दाखवा."

बाईंचे ओठ आवळले गेले. "पुरावा दगडात असतो. हाडाला चिकटलेला थोडासा दगड मिळाला असता, तर कुठल्या थरातला ते कळलं असतं. पण तुम्ही इतकं चाटूनपुसून साफ केलंय की कणही शिल्लक नाही!"

"कौतुक समजू का?"

"तक्रार समजा. समितीकडे जातेय. कवटी दालनातून खाली येईल."

म्हणजे अकरा वर्षांची कवटी, निवृत्तीच्या तोंडावर, मामांच्या डोळ्यांदेखत तळघरात. आणि सगळ्या संग्रहालयात बोभाटा, की छिन्नीमामांनी बेडकाच्या पणजोबाला माशाचं तोंड लावलं! मामांना घास जाईना. बायको म्हणाली, "अहो, सवत माझी आणि उपास तुम्ही धरलात?" तरी हसले नाहीत.

समितीच्या आदल्या दिवशी, दुपारी जेवणाच्या सुटीत, मामांना आगपेट्या आठवल्या.

ही थोरल्या साहेबांची शिस्त. ते म्हणायचे, हाड साफ झालं की दगडाची साक्ष संपते. म्हणून प्रत्येक ढेकळाचा चिमूटभर चुरा आगपेटीत ठेवायचा, वर आकडा घालायचा आणि विसरून जायचं. मामांनी शिस्त पाळली होती आणि विसरूनही गेले होते. भिंतीतल्या कपाटात अशा तीनशेवर आगपेट्या होत्या. बाईंना त्यांचा पत्ता नव्हता. त्या कपाटाची चावी उलट्या जुडग्यातही नव्हती, मामांच्या खणात पडून होती.

"आता बघतो!" मामा उठले. "चुरा जुळला की उद्या समितीसमोर बाईंचे दात त्यांच्याच घशात."

दोन पेट्या काढल्या. एक कवटीची, एक जबड्याची. दोन कागदांवर चुरा पालथा केला आणि भिंग लावलं.

कवटीचा चुरा काळाभोर, पिठासारखा मऊ. जबड्याचा पिवळट, वाळूसारखा खरखरीत, आणि त्यात चमचमणारे, नखाच्या टोकाएवढे चार तुकडे.

मामांनी आयुष्यभर दगड पाहिले होते. कागद डावीकडचा उजवीकडे केला, भिंग पुसलं, चष्मा पुसला, उजेडाकडे नेलं. काळा तो काळाच राहिला, पिवळा तो पिवळाच. एकाच खाणीतले खरे, पण दोन वेगळे थर. दोहोंमध्ये किती लाख वर्षं गेली असतील कोण जाणे. आणि ते चमचमणारे तुकडे माशाचे खवले होते.

बाई खऱ्या होत्या.

मामांनी भिंग बाजूला ठेवलं. मग दोन्ही चुरे भरले, पेट्या सदऱ्याच्या खिशात घातल्या. घरी बायकोने विचारलं, "काय झालं?" तर म्हणाले, "आपलेच दात, आपलेच ओठ."

दुसऱ्या दिवशी समिती बसली. लांब टेबल, मधोमध कवटी. बाईंनी आपलं म्हणणं मांडलं, मुद्देसूद आणि ताठ. अध्यक्ष दालनाच्या वैभवावर खूश असलेले गृहस्थ. त्यांनी जांभई दिली.

"पुरावा काय, बाई?"

"निर्णायक पुरावा नाही. दात कापून पाहता येईल. पण दाताने तरी सिद्ध होणार नाही, दोघांचाही तसाच असतो. जबड्याच्या हाडांची मांडणी..."

"म्हणजे पुरावा नाही." अध्यक्ष हसले. "इतकी वर्षं लोक पाहतायत, कोणाला खटकलं नाही. मामांचा हात कधी चुकत नाही, काय मामा? नव्या माणसांना आल्या आल्या काहीतरी उलथवायचं असतं. कवटी राहील तिथेच. उलट माहितीपत्रकाच्या मुखपृष्ठावरही घेऊ."

बाईंचा चेहरा लाल झाला. मामांना हवी होती तशी त्यांची जिरली होती, चांगली चारचौघांत. गप्प बसले असते तरी चाललं असतं. तीन आठवड्यांनी हार घालून घेऊन घरी गेले असते.

पण 'मामांचा हात चुकत नाही' हे वाक्य त्यांना टोचलं. हा माणूस त्यांच्या हाताची बाजू घेत होता, आणि त्याला छिन्नी कुठल्या टोकाने धरतात तेही ठाऊक नव्हतं. आणि उद्या मुखपृष्ठावर काय येणार? तर त्यांची चूक, रंगीत!

मामा उठले. खिशातून दोन आगपेट्या काढून टेबलावर ठेवल्या.

"सिगारेट इथे नाही हं," अध्यक्ष म्हणाले.

"सिगारेट नाही. साक्षीदार आहेत." मामांनी पेट्या बाईंकडे सरकवल्या, पण नजर त्यांच्याकडे वळवली नाही. "दोन ढेकळांचा चुरा. आकडे वर आहेत. बघा आणि सांगा यांना."

बाईंनी भिंग लावलं. मग त्या सावकाश म्हणाल्या, "थर वेगळे आहेत. हे खवले आहेत." आणि लगेच मामांवर उसळल्या, "हे तुमच्याकडे होतं? महिनाभर?"

"कालपासून माहीत आहे."

"इतकी वर्षं कपाटात ठेवलंत आणि एकदा उघडून पाहिलं नाहीत? कमाल आहे! ही चूक करायला सुद्धा अक्कल लागत नाही!"

"अक्कल तुमच्याकडे होती ना, मग कपाट का नाही सापडलं?"

"चावी तुम्ही लपवलीत म्हणून!"

"पुरे, पुरे!" अध्यक्ष टेबलावर हात आपटत होते, कोणी ऐकत नव्हतं.

शेवटी मामा म्हणाले, "जबडा मी सोडवणार. दुसऱ्या कोणी हात लावायचा नाही."

"का? मला येतं," बाई म्हणाल्या.

"तुम्हाला बोलता येतं. लाख सोडवायला वेगळा हात लागतो. माझं जोडलेलं आहे, मीच सोडवीन."

बाईंनी भिंग मिटून खिशात टाकलं. त्यांच्या बाबतीत हाच होकार धरायचा.

मामांनी नऊ दिवस घेतले. स्पिरिटचा बोळा लावायचा, लाख मऊ व्हायची वाट बघायची, केसाएवढं पातं फिरवायचं. बाई रोज दारात येऊन उभ्या राहायच्या आणि रोज काहीतरी खोचक बोलून जायच्या. "अजून झालं नाही?" "लावताना इतका वेळ लावला असतात तर?" मामा मान वर करत नसत. नवव्या दिवशी प्लास्टर निखळलं आणि जबडा हातात आला. ना त्याचा तुकडा पडला ना कवटीचा. बाईंनी भिंगाने दोन्ही कडा तपासल्या, एकही ओरखडा सापडला नाही, आणि याचाच त्यांना राग आला असावा, कारण पाठ फिरवून त्या तरातरा निघून गेल्या.

निवृत्तीच्या समारंभाला बाई आल्या नाहीत. मामांनीही त्यांच्यासाठी खुर्ची राखली नव्हती.

दोन महिन्यांनी मामा बायकोला घेऊन संग्रहालयात गेले, इतर लोकांसारखे तिकीट काढून. रखवालदाराने सलाम ठोकला. "या मामा! तुमच्या भांडणाला आता वेगळी काच आहे."

खरंच होती. एका काचेत बिनजबड्याची कवटी, शेजारच्या काचेत माशाचा जबडा, आणि मधे भिंगाखाली त्या तुटक्या दाताचा पातळ काप. कवटीखाली नवं नाव, जबड्याखाली नवं नाव. जुना शब्द फक्त दाताखाली होता: 'लॅबिरिन्थोडॉन्ट घडणीचा दात. काही नामशेष उभयचरांत आणि काही माशांतही आढळतो.' त्याखाली दोन उघड्या आगपेट्या, एकीत काळा चुरा, एकीत पिवळा.

बायकोने दोन्हीकडे पाहिलं. "म्हणजे सवतीच्या तोंडात दुसरीचंच तोंड होतं होय! तरीच ती इतकी वर्षं गप्प होती."

एक चुणचुणीत बाप आपल्या मुलीला मोठ्याने समजावत होता, "हे बघ, लॅबिरिन्थोडॉन्ट म्हणजे या कवटीचं कूळ..."

"कूळ नाही हो!" मामा भडकले. "दाताचं नाव आहे ते, दाताचं! घडण म्हणजे घराण्याचा शिक्का नव्हे! खाली लिहिलंय, वाचता येत नाही का?"

बाप दचकून मुलीला घेऊन सटकला. मामा वळले, तर मागे बाई उभ्या. हाताची घडी, ओठावर कानस.

"चार आठवडे घसा फोडत होते मी," त्या म्हणाल्या. "कळलं म्हणायचं शेवटी. कोणी शिकवलं?"

"तुम्ही नाही," मामा म्हणाले आणि आगपेट्यांकडे बोट दाखवलं. "चुऱ्याने शिकवलं."

आणि बायकोचा हात धरून ते बाईंच्या अंगावरून सरळ दाराकडे निघाले.