उर्पो साल्मिकिवीचा छापील प्रवास

आमच्या वेसिलिन्ना गावात उर्पो साल्मिकिवीला ओळखत नाही असं माणूस शोधून सापडायचं नाही. गावाबाहेर मात्र त्याचं नाव ठाऊक असलेलं माणूस भेटणं कठीण. त्याचा चेहरा मात्र अख्ख्या फिनलंडला पाठ होता! चौतीस वर्षांत तो पडद्यावर चौदा वेळा पोलीस झाला, नऊ वेळा बेलीफ, सहा वेळा चर्चचा कारकून आणि एकदा मढं. मढ्याचं काम त्याचं त्यालाच आवडलं नाही. म्हणाला, "फार बोलके होते माझे पाय."

हेलसिंकीच्या रस्त्यावर बायका त्याला थांबवून विचारायच्या, "अहो, तुम्ही आमच्या पोस्टात होतात ना?" उर्पो टोपी काढून म्हणायचा, "होतो बाई. बदली झाली." उगाच कशाला कुणाला खजील करा!

त्याचा बाप लाकडाच्या गिरणीत करवतीवर होता, आणि उर्पोही एकोणीस वर्षांचा होईपर्यंत तिथंच फळ्या रचत होता. गिरणीच्या कामगारांनी स्वतःच्या हातांनी एक सभागृह बांधलं होतं. हिवाळ्यात तिथं नाटकं व्हायची. एकदा बेलीफचं काम करणारा न्हाव्याचा पोरगा आजारी पडला म्हणून उर्पोला उभं केलं. काम एवढंच, की विधवेच्या घरात शिरायचं आणि तिची गाय दावणीतून सोडून न्यायची. आता दुसऱ्या रांगेत बसली होती मांडा म्हातारी. तिची खरीखुरी गाय त्याआधीच्या वसंतात जप्त झाली होती. तिला राहवेना. तिनं हातातला ओला लोकरी हातमोजा भिरकावला तो बरोबर उर्पोच्या कानावर. उर्पोनं मोजा उचलला, उलटसुलट करून पाहिला, "हाही जप्त!" म्हणाला आणि खिशात घातला. लोक हसून हसून बाकांवरून घसरले. नाटक संपल्यावर त्यानं तो मोजा शेगडीवर वाळवून, गरम गरम म्हातारीला नेऊन दिला. मान खाली. तोंडातून शब्द फुटेना.

"अरे, बोल की काहीतरी," म्हातारी म्हणाली. "आत्ता तर केवढा गरजत होतास!"

"ते लिहिलेलं होतं," उर्पो पुटपुटला.

इथंच सगळी मेख होती. लिहिलेलं असलं की हा माणूस वाघ. स्वतःचं बोलायची वेळ आली की त्याची जीभ टाळूला चिकटायची. पुढं वेसिलिन्नाच्या नाटक मंडळीनं त्याला घेतलं, सिनेमावाल्यांनी बोलावलं, लग्न झालं. तेही कसं झालं? सैमी मंडळीतच कपडे शिवायची. तीन वर्षं हा तिच्याकडून एकच बटण लावून घेत होता. शेवटी तीच म्हणाली, "म्हाताऱ्या, हे बटण आता तुझ्या मरणापर्यंत निघायचं नाही. पुढचं काय ते बोल." वय तेव्हा त्याचं अठ्ठावीस, पण सैमी त्याला पहिल्यापासून म्हाताराच म्हणायची.

तर सांगायचं ते त्याच्या साठाव्या वाढदिवसाचं.

आमच्याकडं पन्नासावा आणि साठावा वाढदिवस हा एकट्याचा नसतो. पेपरात नाव छापून येतं आणि त्या दिवशी सगळ्या गावाला तुमच्या दारात यायचा हक्क असतो. बोलावणं लागत नाही. लोक ठेवणीतले कपडे घालून येतात, एकेक जण पुढं होऊन भाषण करतो, वाढदिवसवाल्यानं उत्तर द्यायचं आणि मग कॉफी, तीही सात तऱ्हेच्या भाजलेल्या पदार्थांसोबत. सहा झाले तर वर्षभर बोलणी. यातून सुटायला एकच वाट: पेपरात दोन शब्द छापायचे, "प्रवासाला गेले." मग कुणी येत नाही.

पन्नासाव्याला उर्पोनं सगळं सोसलं होतं. अकरा भाषणं झाली. उत्तर द्यायला तो उभा राहिला, घसा खाकरला आणि कॉफीच्या किटलीला कमरेत वाकून नमस्कार करून खाली बसला. त्यामुळं साठाव्याला त्यानं पेपरात प्रवास छापून टाकला.

"जाणार कुठं आहेस?" सैमीनं विचारलं.

"कुठं नाही. घरीच. पडदे ओढून बसायचं."

"आणि शनिवारच्या वाफेच्या आंघोळीचं काय? साउना तापवायची नाही?"

"धूर दिसेल ना, सैमी."

"वाहवा! साठ वर्षांचा झालास आणि वाढदिवसाला बिनआंघोळीचा बसणार!"

झालं. शनिवारी दोघं अंधारात पत्ते खेळत बसली. दुपारी दीडच्या सुमाराला मागच्या खिडकीवर टकटक झाली. बाहेर त्यूने उभी होती. त्यूने म्हणजे मंडळीची प्रॉम्प्टर. तीस वर्षं रंगमंचाच्या पुढच्या पेटीत बसून नटांना वाक्यं कुजबुजल्यामुळं तिला मोठ्यानं बोलताच यायचं नाही.

"तुम्ही प्रवासाला आहात ते माहीत आहे," ती खिडकीच्या फटीतून कुजबुजली. "म्हणून मी तुमच्याशी बोलत नाहीये, सैमीशी बोलतेय. सैमी, हेलसिंकीहून दिग्दर्शक एकवाल आलेत. नावाड्याचा सिनेमा काढताहेत. मुख्य काम! तुझ्या नवऱ्याला विचारायला आले होते. हॉटेलात पेपर वाचला, म्हणाले, 'गृहस्थ गावात नाहीत, मग दुसरा बघतो.' तीनच्या गाडीनं निघालेत. दुसरा तांपेरे शहरात बसलाय, संध्याकाळी सही करेल."

उर्पोच्या हातातले पत्ते खाली पडले. चौतीस वर्षं तो दुसऱ्यांच्या गोष्टीत दार वाजवून आत आला होता आणि तीन वाक्यं बोलून बाहेर गेला होता. एकदा तरी गोष्ट संपेपर्यंत आत राहावं, एवढीच त्याची इच्छा होती. ती त्यानं सैमीलाही कधी बोलून दाखवली नव्हती. सैमीला ती ठाऊक होती, हा भाग वेगळा.

"ऊठ," ती म्हणाली.

"गाव बघेल ना! पेपरात खोटं छापलं म्हणतील. कुणाला तोंड दाखवू?"

"तोंड नको दाखवूस. तुझ्याकडं दुसरी पुष्कळ आहेत."

उर्पोनं रंगाची पेटी उघडली. वीस मिनिटांत कमरेपर्यंतची दाढी, मेंढीच्या कातड्याची टोपी आणि कुबड, असा एक डोंगरी म्हातारा तयार झाला. काम खरंच झकास झालं होतं. तो मागच्या दारानं निघाला.

कोपऱ्यावर पेपर विकणारी आल्मा होती. तिनं त्याला वरपासून खालपर्यंत पाहिलं. चेहऱ्यावरची माशी हलली नाही.

"कुठले म्हणायचे आजोबा?"

"वरच्या अंगाचा. मेंढ्या बघायला आलोय."

"अस्सं. वाटेत आमचा उर्पो भेटला तर सांगा हो, गावानं साठाव्याच्या शुभेच्छा दिल्यात. प्रवासाला गेलाय बिचारा."

"मी कसा ओळखणार त्याला?"

"त्यात काय! डावा पाय फेंगडा टाकतो."

उर्पोनं लगेच डावा पाय सरळ केला आणि उजवा ओढायला लागला. आल्मा खाली वाकून पेपरांचा गठ्ठा नीट करायला लागली तो बराच वेळ वर आली नाही.

पुढं चौकात मंडळीतल्या तिघी बायका समोरून येत होत्या. त्याला बघताच तिघी गर्रकन वळल्या आणि दुकानाच्या काचेत बघत उभ्या राहिल्या. दुकान होतं धुराड्याच्या नळ्यांचं. "किती सुरेख नळी आहे नाही?" एक म्हणाली. "वाकडी आहे, पण सुरेख आहे," दुसरी म्हणाली. पोलिसानं सलाम ठोकता ठोकता हात मध्येच थांबवला आणि कान खाजवला. आता माणसानं आपण गावात नाही असं छापून सांगितलं असताना, तो दिसला म्हणून ओळख द्यायची म्हणजे त्याला खोट्यात काढायचं. आमच्याकडं तसं कुणी करत नाही. उर्पो मात्र आपल्या दाढीवर खूश होता.

स्टेशनात शनिवारची ही गर्दी. एकवाल बॅग घेऊन फलाटावर उभे. उंच, चष्मेवाले, शहरी गृहस्थ. उर्पो लंगडत जवळ गेला.

"साहेब, ते नावाड्याचं काम..."

"आजोबा, तुमच्यापर्यंत बातमी पोचली?" एकवाल हसले. ते हेलसिंकीचे, त्यांना तो खरंच ओळखू आला नाही. "ते काम साल्मिकिवी नावाच्या नटासाठी होतं. पण ते प्रवासाला गेलेत. कुठं गेलेत, सांगता येईल तुम्हाला?"

उर्पोनं आजूबाजूला पाहिलं. आल्मा दुकान बंद करून आली होती. नळ्यांच्या कौतुकातून मोकळ्या झालेल्या तिघी आल्या होत्या. स्टेशनमास्तर पार्सिनेन झेंडी घेऊन उभे होते. सगळे आभाळाकडं बघत होते. आभाळात काही नव्हतं. लांबून गाडीची शिट्टी ऐकू आली.

या प्रसंगाला त्याला कुणी काही लिहून दिलेलं नव्हतं. त्यूने गर्दीत होती, पण तिच्याजवळही या जागेची वाक्यं नव्हती. उर्पोनं दाढीला हात घातला. अर्धी आली, अर्धी डिंकाला चिकटून राहिली.

"मी गेलो नाही," तो म्हणाला. आवाज चांगलाच मोठा आला. "घरीच होतो. पडदे ओढून. ते काम मला हवंय."

मग पार्सिनेन मास्तरांनी शांतपणे खिशातलं घड्याळ काढलं.

"दोन पंचावन्न," ते म्हणाले. "साल्मिकिवी प्रवासाहून परतले. सगळ्यांनी ऐकलं ना?"

"ऐकलं," आल्मा म्हणाली. आणि फलाट बघता बघता रिकामा झाला. लोक चालत गेले म्हणणं बरोबर नाही. पळाले.

"हे सगळे कुठं निघाले?" एकवालनी विचारलं.

"माझ्याकडं," उर्पो कण्हला. "साहेब, मला माफ करा, मला थांबता येत नाही. घरी माणसं येतील."

"चला, गाडीतच बसून बोलू की."

"नाही हो. दारात यजमान नको का!"

एकवालनी गाडी सोडली. दुसरं काय करणार? मुख्य नटच अर्धी दाढी घेऊन घराकडं धावत सुटला होता.

सैमीनं पडदे उघडले तर अंगणात रांग लागलेली. ती कपाळावर हात मारून म्हणाली, "बायांनो, सात तऱ्हा सोडा, माझ्या घरात एक तऱ्हासुद्धा नाही!" त्यावर मंडळीतल्या त्या तिघींनी हातातल्या टोपल्यांवरची फडकी बाजूला केली. वेलदोड्याचे गोल पाव, बदामाची बिस्किटं, आंबट बेरीचा केक. मोजून नऊ तऱ्हा.

"हे सगळं आत्ता भाजलंत?"

"छे, गुरुवारीच."

"म्हणजे तुम्हाला ठाऊक होतं!"

"आम्हाला कुठलं ठाऊक? पेपरात छापलं होतं ना, प्रवासाला गेले म्हणून."

भाषणं चौदा झाली. उर्पोची उत्तराची पाळी आली तेव्हा तो उभा राहिला, घसा खाकरला, किटलीकडं एकदा आशेनं पाहिलं. मग म्हणाला, "मी आलोय. कॉफी घ्या." लोकांना हे भाषण इतकं आवडलं, की टाळ्यांनी कपबशा वाजल्या.

एकवाल कोपऱ्यात बसून केक खात होते. त्यांनी बॅगेतून नावाड्याच्या संवादांची वही काढली आणि लाल पेन्सिलीनं पानामागून पान काट मारायला सुरुवात केली. उर्पोचा जीव उडाला.

"साहेब, काम काढून घेता की काय?"

"काम नाही, बडबड काढतोय. मी लिहिलेला नावाडी फार बोलतो. फलाटावर तुमची वाक्यं ऐकली, तेव्हा कळलं त्यानं कसं बोलायला हवं ते. आता सबंध सिनेमात त्याला अकरा वाक्यं राहिली. चालेल?"

उर्पोनं वही घेतली, चष्मा लावला आणि सावकाश वाचली. त्याच्या चेहऱ्यावर, अर्ध्या दाढीच्या आत, काय आनंद पसरला म्हणता!

"हे सहावं पण काढता येईल," तो म्हणाला. "तिथं मी नुसतं वल्हं ठेवलं तरी कळेल. आणि हे नववं..."

"म्हाताऱ्या," सैमी किटली घेऊन मागं उभी होती, "आधी सही कर. मग काय ते काढत बस."