खापरावरचा मांडा

आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, मी बारामतीहून आंबे घेऊन लासुर्ण्याला आईकडं येते आणि तासाभरात आमचं भांडण जुंपतं. वडील साखर कारखान्यात नोकरीला लागले म्हणून आई खानदेशातून इथं आली, इथंच म्हातारी झाली, तरी तिचं "आमच्याकडं असं नसतं" काही संपत नाही.

यंदा तिचे हात थरथरतात, म्हणून मांडे मी करत होते. मागच्या दारी चूल, चुलीवर उपडं घातलेलं मातीचं खापर. पुरण भरलेली पोळी हातांवर झेलत कोपरापर्यंत वाढवायची आणि खापरावर टाकायची. माझी दरवेळी मनगटाशीच फाटायची. धुरानं डोळे चुरचुरत होते आणि शेजारी पाटावर बसून आईचं चालूच, "आमच्याकडं असं नसतं."

माझं डोकं फिरलं. तिकडं कसं असतं ते एकदाचं कळू दे, म्हणून खानदेशातल्या मावशीला व्हिडिओ कॉल लावला. मावशी गॅसवर, तव्यावर, साध्या पुरणपोळ्या भाजत होती.

"मांडे आता कोण करतं गं?" ती हसली. "आमचं खापर तर कधीच फुटलं."

फोन ठेवला. आईनं चुलीतलं लाकूड मागं ओढलं. तिचं तोंड बंद झालं की बरं वाटेल असं वाटलं होतं, पण तसं काही वाटलं नाही. फाटका मांडा मी ताटाखाली सरकवला.

आईनं तो ओढून बाहेर काढला.

"आधी तू नीट शीक. मग तिकडं जाऊन तिला शिकवायचंय."