वाढदिवसाची कोलंबी

ओव्हीद लिरेटची कोलंबी पकडायची बोट हूमा शहराकडे जाणाऱ्या रस्त्यावर एका हॉटेलच्या पार्किंगमध्ये उभी आहे. खाली सिमेंटचे ठोकळे, जाळ्यांच्या दांड्यांवर रंगीत दिव्यांच्या माळा, आणि पुढच्या बाजूला रंगवलेली, दात काढून हसणारी गुलाबी कोलंबी. नाव मात्र कोणी पुसलेलं नाही. 'मिस ओदील'. ओदील म्हणजे ओव्हीदकाकांची बायको. तिला जाऊन बरीच वर्षं झाली.

बोट विकली गेली तेव्हा काका छातीच्या ऑपरेशनसाठी इस्पितळात होते. सगळे व्यवहार त्यांचा मुलगा वेल्टन बघत होता. काका घरी परत आले तोवर धक्क्यावर नुसते दोर लोंबत होते. त्या दिवसापासून त्यांच्या मुलीने, नेल्विनने, सख्ख्या भावाला चोर म्हणायला सुरुवात केली.

मी लिरेट मंडळींच्या समोर राहते. मध्ये फक्त रस्ता, आणि त्यांच्या घरामागे खाडी. नेल्विनला मी परकरात असल्यापासून बघतेय म्हणा ना, फक्त ती कधी परकरात नसायची. बापाची जुनी पँट कापून घालायची. वेल्टनला लहानपणी बोट लागायची. धक्का नजरेआड व्हायच्या आत तो कठड्यावरून ओकायला वाकलेला असायचा. म्हणून काकांनी मुलीला बरोबर न्यायला सुरुवात केली. ती जाळी विणायला शिकली, इंजिनाच्या आवाजावरून बिघाड ओळखायला शिकली. पुढे लग्न झालं, मोडलं, शाळेच्या स्वयंपाकघरात नोकरी लागली. पण सुट्टी लागली की ती बोटीवर. इंजिन उघडायचं ते तिनेच, बोटीला रंग द्यायचा तो तिनेच. काकांनंतर मिस ओदील नेल्विनचीच, हे इथे सगळ्यांनी धरलेलंच होतं. तिने तर धरलेलं होतंच.

त्यामुळे ती चिडली तर कोणाला नवल वाटलं नाही. पण तिचा राग म्हणजे राग. रविवारी चर्चच्या पायऱ्यांवर वेल्टन आणि त्याची बायको शार्लीन दिसली की ही मोठ्याने म्हणायची, "आला बरं का! पाकिटं सांभाळा सगळ्यांनी." वेल्टनचे कान लाल व्हायचे. तो काही न बोलता मागच्या बाकावर जाऊन बसायचा. शार्लीन एकदा भांडायला वळली तर त्याने तिचा दंड धरून तिला आत नेलं. लोक म्हणायचे, बघा, अपराधी माणूस कसा गप्प राहतो.

वर्षभर हे चाललं. मग ऑगस्टमध्ये काकांना ऐंशी वर्षं झाली आणि वेल्टनने वाढदिवसाचं जेवण ठरवलं ते नेमकं त्या हॉटेलात.

"याला लाज नाही," नेल्विन मला म्हणाली. "बापाची बोट विकली ती विकली, आता तिच्या सावलीत बसून जेवायला घालणार! मी येत नाही, मेबल."

पण काका म्हणाले, तू आलीस तरच मी जाईन. मेबललाही घे. मग आम्ही गेलो.

गाडीतून उतरल्यावर काका बोटीसमोर बराच वेळ उभे राहिले. हात लावला नाही. त्या हसणाऱ्या कोलंबीकडे बघून एवढंच म्हणाले, "हे काय केलंय रे!" वेल्टन दुसरीकडे बघत होता. नेल्विन त्याच्याकडे बघत होती, आणि तिच्या नजरेने माणूस भाजला असता.

आत टेबलावर बसलो. जेवण यायच्या आधीच दिवे मंद झाले आणि चारपाच पोरी टाळ्या वाजवत आल्या. एकीच्या हातात पांढरी टोपी होती, सोनेरी नांगर छापलेली, जहाजाच्या कप्तानाची असते तशी. तिने ती काकांच्या डोक्यावर ठेवली. "आजचे आमचे कप्तान!" ती ओरडली. सगळं हॉटेल टाळ्या वाजवायला लागलं. त्या पोरीचा काही दोष नव्हता, सगळ्याच वाढदिवसांना त्या तसंच करत असणार. पण काका, ज्यांनी आयुष्यभर खरोखरची बोट हाकली, ते ती कागदी टोपी घालून हात मांडीवर ठेवून बसून राहिले. काढायचंही त्यांना सुचेना.

नेल्विन उठली. बापाच्या डोक्यावरची टोपी काढली आणि टेबल ओलांडून वेल्टनच्या डोक्यावर इतक्या जोरात बसवली की ती भुवयांपर्यंत खाली आली.

"तू घाल. चोरांचा कप्तान तूच. पापा, चला घरी."

शार्लीन रडायला लागली. वेल्टनने टोपी काढली, घडी केली, खिशात ठेवली.

आम्ही घरी आलो. ओट्याजवळ आल्यावर नेल्विनने विचारलं, "भूक लागलीय का?"

"लागलीय," काका म्हणाले. "कोलंबी उकड."

तिच्या चुलतभावाने, पर्सीने, सकाळीच बर्फाच्या पेटीत पांढरी कोलंबी आणून दिली होती, डोक्यासकट, ताजी. अंगणातली मोठी शेगडी पेटवायला वेळ कोणाला होता? तिने घरातलंच मोठं पातेलं गॅसवर आदळलं. पाण्यात मीठ मुठीने टाकलं, समुद्राहून खारट होईल इतकं. लिंबं अर्धी कापून पिळली आणि सालांसकट आत फेकली. कांदे, लसणाचे अख्खे गड्डे आडवे कापून, तमालपत्र, आणि मोहरी, धणे, लवंगा बांधलेली मसाल्याची पुरचुंडी. वरून लाल तिखट, दोनदा. लहान बटाटे आधी गेले. ते शिजत आले तशी धुरावलेली सॉसेजं, आणि ती सुरीने अशी कापत होती की मी काकांची खुर्ची जरा मागे ओढली. वाफेने आम्हा तिघांना ठसका लागला.

"वेल्टनने मुद्दाम केलं," ती कापता कापता म्हणाली. "मला डिवचायला. त्या हॉटेलात न्यायचं काय अडलं होतं?"

"मी सांगितलं त्याला," काका म्हणाले.

"काय सांगितलं?"

"तिथे ने म्हणून. मला गाडी चालवता येत नाही आता. एकदा बघायची होती ती."

नेल्विनने सुरी खाली ठेवली. मग कोलंबी पातेल्यात ओतली. पाण्याचा आवाज बसला. ती पातेल्याकडेच बघत राहिली. पाणी पुन्हा उकळलं, कोलंबी गुलाबी होऊन वळली, तसा तिने लगेच गॅस बंद केला आणि गोठवलेली मक्याची कणसं आत टाकली, म्हणजे पाणी थंडावतं, कोलंबी जास्त शिजत नाही आणि मसाला आत मुरतो.

तो मुरत असताना काका म्हणाले, "विकायलाही मीच सांगितलं."

ती हळूच म्हणाली, "पुन्हा म्हणा."

"ऑपरेशनच्या आधी. वेल्टनला म्हटलं, मी टेबलावरून उठो न उठो, बोट विक. आणि तू आपल्या मनाने विकलीस असं नेल्विनला सांग. तुझा राग सोसायची माझ्यात ताकद नव्हती, पोरी. घेणारा म्हणाला होता, खालच्या उपसागरात मासेमारीला लावतो. तिची अशी जत्रा करेल हे आम्हाला कुठे ठाऊक!"

"मला का नाही दिलीत?"

"तू घेतली असतीस म्हणून." काकांचा आवाज चढला. "कोलंबीला भाव नाही. डिझेल, बर्फ, सगळं महाग. अर्धे धक्के रिकामे झालेत, दिसत नाही तुला? शाळेची पक्की नोकरी सोडून तू त्या लाकडात पुरती बुडाली असतीस!"

"बुडाले असते तर मी बुडाले असते!" तिने झाऱ्या ओट्यावर आपटला. "माझं बुडणं तुम्ही कोण ठरवणार? इंजिन कोणी उघडलं? जाळी कोणी विणली? तेव्हा नाही आठवलं माझं भलं? आणि वर्षभर तुम्ही या खुर्चीत बसून ऐकलंत, मी भावाला चोर म्हणतेय ते! माझ्या हातची कॉफी पीत ऐकलंत!"

तिने पातेल्यातलं पाणी काढून टाकलं. टेबलावर वर्तमानपत्र पसरून सगळं त्यावर ओतलं, बापाच्या अगदी पुढ्यात. वाफ निघत होती. काकांनी एक कोलंबी उचलली, डोकं मोडलं, चोखलं, साल काढून तोंडात टाकली. दुसरी उचलली.

"मीठ बरोबर झालंय," ते म्हणाले.

"मिठाचं बोलू नका माझ्याशी!" ती किंचाळली.

तिने स्वतः एकही खाल्ली नाही. अर्धी कोलंबी भांड्यात भरली आणि मला म्हणाली, "मेबल, गाडी काढ. वेल्टनकडे जायचंय."

वेल्टन खाडीच्या वरच्या अंगाला राहतो. दार त्यानेच उघडलं. नेल्विनने भांडं पुढे केलं.

"पापांनी सांगितलं मला."

त्याने भांडं घेतलं नाही. "सगळं?"

"सगळं. तू गप्प का बसलास, मूर्खा?"

"म्हातारा इस्पितळाच्या झग्यात बसून रडत होता, नेल्विन. तू बघितलं नाहीस, मी बघितलं. शब्द दिला त्याला." मग त्याचा चेहरा बदलला. "वर्षभर! शार्लीन चर्चला यायची बंद होणार होती. माझ्या पोरीला दुकानात कोणीतरी विचारलं, तुझा बाप तोच ना? आता तुला कळलं म्हणून कोलंबी घेऊन आलीस? आता माझी पाळी आहे चिडायची. जा."

आणि दार लावलं.

ती पायरीवर उभी राहिली. मला वाटलं, रडेल. तिने मुठीने दार ठोकलं.

"मी चुकले!" शिवी द्यावी तशी ओरडली. "ऐकू आलं का? चुकले म्हणतेय!"

"आलं ऐकू!" आतून वेल्टन. "पायऱ्यांवर चोर म्हणालीस ना? तिथेच जाऊन म्हण!"

भांडं दारात ठेवून आम्ही परतलो.

रविवारी ती तिथेच म्हणाली. लोक आत जात असताना सर्वांत वरच्या पायरीवर हाताची घडी घालून उभी राहिली. "वेल्टन चोर नाही. बोट पापांनी विकली आणि आळ त्याच्यावर ढकलला. मी वर्षभर खोटं बोलले, कारण पापा माझ्याशी खोटं बोलले." काका कोट-टाय घालून तिच्या शेजारीच होते. सगळ्यांच्या माना त्यांच्याकडे वळल्या. शार्लीनने येऊन नेल्विनच्या गालाला गाल लावला. वेल्टनने नुसती मान हलवली. तो महिनाभर तिच्या घरी आला नाही, मग एकदा छपराची पन्हळ दुरुस्त करायला आला, आणि कॉफी पिऊन गेला.

काका मात्र चिडले. चार लोकांत माझी लाज काढली म्हणाले. ती त्यांना जेवायला वाढायची ते ताट आपटून, ते जेवायचे ते भिंतीकडे तोंड करून. त्याच आठवड्यात तिने शाळेची नोकरी सोडली आणि पर्सीच्या बोटीवर कामाला लागली. त्रेपन्नाव्या वर्षी, दुसऱ्याच्या बोटीवर, जाळी ओढायला.

निघाली त्या दुपारी मी धक्क्यावर होते. काका काठी टेकत आले.

"वेड लागलंय तुला," ते म्हणाले.

"लागलंय."

"बर्फ कमी घेतलाय."

"पर्सीला विचारा. बोट त्याची आहे." दोर सोडता सोडता तिने मान वर केली. "माझी असती तर मी भरपूर घेतला असता."

काका वळले आणि चालायला लागले. थोडं गेल्यावर थांबून, मागे न बघता ओरडले, "पूर्वेच्या वाळूवर जाऊ नका म्हणावं. ओहोटी आहे, बोट रुतेल."

"माहितेय मला!" ती तितक्याच जोरात ओरडली, आणि पर्सीने इंजिन चालू केलं.