मनुकाकूंची चटणी

आमच्या कृष्णाकाठी चटणी म्हणजे वर्षाची लाल कांदा-लसूण चटणी. आमटीत तीच, मटणात तीच, तेल घालून भाकरीवर तीच. सैन्यात निघालेल्या पोराच्या ट्रंकेत कपड्यांआधी तिचा डबा जातो. पूर्वी ती उखळात कुटली जायची. गल्लीतल्या बायका एकमेकींकडे मुसळ धरायला जायच्या आणि कुणाकडे किती खोबरं, किती तीळ, ते सगळ्यांना ठाऊक असायचं. मग कुटायला विजेवरचा डंक आला, हात सुटले आणि प्रत्येकीचं माप तिच्या घरात कोंडलं गेलं.

शेजारच्या मनुकाकू तर मसाला भाजताना आतून कडीच लावायच्या. सून माया दोनदा मागं लागली. "मी हाय तवर तुला कशाला गं उठाठेव?" म्हणून तिला परतवलं. चटणी मात्र अशी, की गावजेवणाला आचारी त्यांच्याकडून वाटीभर मागून न्यायचा. मग काकूंना थोडा तोरा चढला तर नवल काय!

करोनाच्या तापात काकूंना वास यायचा आणि चव लागायची बंद झाली ती कायमचीच. त्यांनी कुणाला सांगितलं नाही. त्या उन्हाळ्यात खोबरं करपलं, चटणी कडू झाली, तेव्हा आम्हाला कळलं. चाखायला दिली तर मी म्हणाले, "काकू, लय झ्याक!" त्यांच्या मुलानं, वीरधवलनं, छावणीवरून फोनवर तेच सांगितलं. तीन उन्हाळे आम्ही सगळ्यांनी त्यांचं मन राखलं. मूर्खपणा, दुसरं काय!

यंदा वीरधवल नोकरी संपवून घरी आला. ट्रंक रिकामी करताना काकूंना तिन्ही डबे भरलेलेच सापडले. आईच्या हातचं त्याला फेकवलं नव्हतं. काकू रडल्या नाहीत. दुसऱ्या दिवशी त्यांनी मायाला चुलीपुढं बसवलं आणि मलाही हाक मारली.

"वास बदलला की कढई उतरायची," काकू म्हणाल्या.

"कसला वास, आत्ती?" मायानं सासूला विचारलं.

काकू सांगायला गेल्या आणि थांबल्या. चाळीस वर्षं त्यांचं माप नाकात होतं, ते बोलून दाखवायची वेळच आली नव्हती. त्यांनी माझ्याकडं पाहिलं.

"संयोगिता, तुज्या दारापातूर वास जायचा. तुला ठावं हाय न्हवं? आता तरी खरं सांग."

मला आठवेना, मायालाही नाही. कडू चटणीला तीन वर्षं चांगली म्हणता म्हणता तो वास माझ्या डोक्यातून पुसला गेला होता. पहिल्याच उन्हाळ्यात तोंड उघडलं असतं तर कदाचित सांगता आला असता. तसं मी काकूंना म्हणालेही.

कढईतलं खोबरं तांबूस होत चाललं होतं. ते कधी उतरवायचं हे आम्हा तिघींपैकी एकीलाही कळत नव्हतं.