तिची एकच स्पेस

वाकडातिकडा कोड दिसला की मला शिसारी येते. श्रीगोंद्याच्या एका कॉलेजात मी प्रोग्रामिंग शिकवते, म्हणजे ही शिसारी रोजचीच. ओळी कशाही सरकलेल्या, कंस कुठेही बंद केलेले. त्यापेक्षा खरकट्या ताटांचा ढीग बरा. त्यात एक मुलगी म्हणजे कळस. आतल्या ओळीच्या सुरुवातीला चार स्पेस, म्हणजे चार मोकळ्या जागा, द्यायच्या हे वर्षभर कानीकपाळी ओरडून सांगितलं, तरी ती एकच द्यायची. "काय गबाळं लिहितेस गं," असं मी तिला सगळ्या वर्गासमोर म्हणत असे.

प्रॅक्टिकल परीक्षेच्या आदल्या दिवशी लॅबच्या वीसही मशीनवर मी एडिटरच्या सेटिंगमध्ये शिरले. टॅब चार स्पेसचा केला आणि 'सेव्ह करताना फॉरमॅट' यावर टिक केली. आता फाइल सेव्ह केली की ओळी आपोआप जागेवर. बाहेरच्या परीक्षकांसमोर माझी अब्रू जायला नको, एवढंच डोक्यात होतं.

परीक्षेत वर्गातल्या तिघींनी, सगळ्यांच्या फाइली जिथे सेव्ह होतात त्या सामायिक फोल्डरमधून तिची फाइल उचलली. परीक्षकांनी चारही फाइली शेजारी शेजारी उघडल्या. अक्षर न् अक्षर सारखं.

"चौघींना शून्य," ते म्हणाले.

शून्य म्हणजे तिचं वर्ष गेलं. ती माझ्याजवळ आली. "मॅडम, ते माझंच हाय. मी कसं लिहिते ते तुमाला ठाऊक हाय ना."

ठाऊक होतंच. टिक केली नसती तर चारही फाइलींत तिची ती एकच स्पेस दिसली असती आणि मूळ कुणाचं हे मी एका नजरेत सांगितलं असतं. आता दाखवायला काही उरलं नव्हतं. त्या टापटीप फाइलींची मला किळस आली, त्याहून जास्त स्वतःची.

परीक्षकांकडे मी अर्धा तास मागून घेतला. तिच्या मशीनवरची टिक काढली आणि म्हटलं, "पुन्हा लिही."

ती लिहीत गेली. एक स्पेस, पुढच्या ओळीला पुन्हा एकच. पंधरा मिनिटांत प्रोग्राम चालला. परीक्षकांनी तिच्या नावापुढचं शून्य खोडलं, पण नाक मुरडलं. "काय गबाळं लिहिलंय."

तिने माझ्याकडे पाहिलं. "मॅडम, आता सरळ करू का?"

"नको," मी म्हणाले. "राहू दे तसंच."